टेबल टेनिस, मूर्तिजापूरमार्गे

खोली दाखवून झाल्यावर घरमालकांनी दोनच प्रश्न विचारले.

"तुमी टेबल टेनिस खेळता काय?"

कॉलेजात खेळायचो, असं सांगितलं.

"आन तुमाले चक्कर येते काय?"

नाही म्हटल्यावर त्यांनी किल्ली हातात ठेवली. नोकरी कुठे, लग्न झालं का, खोलीत मटण शिजवणार का, यातलं काही विचारलं नाही. आधीच्या भाडेकरूला चक्कर यायची, म्हणून त्याला तीन महिन्यांत दुसरी खोली शोधावी लागली, हे नंतर काकूंनी, म्हणजे त्यांच्या बायकोने, सांगितलं.

घर बडनेऱ्याच्या नव्या वस्तीत होतं, गाडीचा भोंगा ऐकू येईल इतकं स्टेशनजवळ. मी तेव्हा अमरावतीतल्या एका दैनिकात उपसंपादक होतो. दुपारी जायचो, त्यामुळे सकाळ मोकळी असे, आणि घरमालकांना माझी सकाळच हवी होती. त्या घरात चार वर्षं काढली. त्यांच्याबद्दल त्या काळात पुष्कळ ऐकलं. दोन माणसांकडून जुळलं तेवढंच इथे घेतलं आहे.

ते रेल्वेच्या सिग्नल खात्यात होते. तारा, खांब, दिवे यांतच सगळी नोकरी गेली. डावा डोळा मात्र रेल्वेच्या तारेने गेला नाही. घरच्या अंगणात कुंपणाची तार ताणताना ती सुटली आणि उसळली. तेव्हा ते बावन्न वर्षांचे होते. रेल्वेत नजरेवरून माणसाचा वर्ग ठरतो. डोळा गेला तसा वर्ग खाली आला आणि त्यांना खांबावरून उतरवून टेबलावर बसवलं. निवृत्तीपर्यंत ते त्या टेबलामागे बसले. त्या वर्षांविषयी ते फार बोलत नसत.

रस्त्याने चालताना कोणी काळजीपोटी त्यांच्या डाव्या बाजूला आलं की ते जागीच थांबत. त्या माणसाला उजवीकडे घेत आणि मगच पाऊल उचलत. आठवडी बाजारात कधी हातगाडीचं टोक लागे, कधी सायकलचं हँडल. डावं कोपर कायम सोललेलं. काकू औषध लावताना रोज तेच बोलत.

"डावीकडून कोणाले चालू देलं असतं तर हे झालं असतं काय?"

"डावी बाजू माही आहे. मोकळी राह्यली पायजे."

"मोकळी राह्यली न! कातडं कुठी राह्यलं?"

मागच्या खोलीत एक मोठा संगणक होता. अमरावतीतलं एक गेमिंग पार्लर बंद झालं, तिथून तो आणलेला. त्यात चित्रं तयार करणारी दोन कार्डं होती, म्हणजे एकाच वेळी दोन माणसांचा खेळ तो एकटा चालवू शकत असे. खेळ चाले संगणकात. तिथून चित्र वायफायवरून डोळ्यांवर बांधायच्या चष्म्यात जाई. मान वळली, हात हलला की त्याची खबर उलट संगणकाकडे येई आणि तो त्याबरहुकूम पुढचं चित्र पाठवी. हे सगळं पापणी लवायच्या आत व्हावं लागतं. नाहीतर मान आधी वळते, चित्र मागून येतं आणि पोटात ढवळायला लागतं. चक्कर येते का, या प्रश्नाचं मूळ हे होतं.

संगणकाला ते डबा म्हणत आणि चष्म्याला झापड, बैलाच्या डोळ्यांना बांधतात ती. चष्मे जुने होते. स्वतः खेळ चालवायची ताकद त्यांच्यात नव्हती.

"झापडीत अक्कल नाई," ते समजावून सांगत. "अक्कल डब्यात. झापड निस्ती दाखवते."

झापडीत दोन काचा असतात, प्रत्येक डोळ्याला वेगळं चित्र. त्यांनी आपल्या झापडीतलं डावं चित्र बंद करून टाकलं होतं. त्यामुळे डब्याचं काम हलकं झालं आणि त्यांचा चेंडू कुठे अडखळत नसे. याचा त्यांना अभिमान होता. "ज्या घरात कोणी राहत नाई तिथं दूध कायले टाकायचं?" असं ते विचारत.

हातात धरायच्या कंट्रोलरला त्यांनी जुन्या बॅटची मूठ कापून सायकलच्या ट्यूबने आवळून बांधली होती. खोलीच्या फरशीवर फलाटावर असते तशी पिवळी रेघ मारली होती. रेघेच्या आत ते खेळत. कपाट, कूलर, आरसा हे सगळं रेघेबाहेर. आरसा तरीही फुटला. त्यांनी रेघ वीतभर आत घेतली आणि आरशाविषयी चर्चा होऊ दिली नाही.

एका डोळ्याने चेंडूचं अंतर नीट कळत नाही. खऱ्या टेबलावर त्यांना ते कळत नसे. झापडीतल्या टेबलावर कळायचं, कारण तिथे चेंडूची सावली काळी आणि स्वच्छ पडे आणि टप्प्याचा आवाज नेमक्या जागेवरून येई. सावली आणि आवाज यांवर खेळायचं त्यांनी दोन वर्षं घोकून घेतलं. भाडेकरू त्यासाठी लागत. पहिले सहा महिने मी त्यांच्याशी जिंकलो. त्यानंतर एकदाही नाही.

हा खोटा खेळ आहे, असं त्यांना बरेच जण सांगत. पुण्याचा मुलगाही फोनवर म्हणाला, "बाबा, हे वय आहे का असलं काही खेळायचं?"

"मंग हे वय कायचं आहे ते लिहून पाठव," ते म्हणाले. "जमलं तर तेही करतो. आन खोटा म्हणशीन तर खोटा. तिथं साऱ्यायचेच डोळे खोटे असतेत. म्हणून तर माहं जमते."

मागच्या खोलीच्या दारावर त्यांनी सिग्नलचा दिवा बसवला होता. लाल असताना घरात कोणीही इंटरनेट वापरायचं नाही, हिरवा झाला की वापरायचं. एकदा कार्यालयातून फोन आला. मजकूर ताबडतोब हवा होता, पान अडलं होतं, आणि दिवा लाल होता. मी दार वाजवलं.

"काका, बातमी पाठवायची आहे. दोन मिनिटं."

आतून चेंडूचा आवाज थांबला नाही. "तुमची बातमी लोकं उद्या सकाळी वाचतेत. माहा बॉल आत्ता येऊन राह्यला."

मी ओट्यावर बसून मोबाइलवरून मजकूर पाठवला. चार दिवसांनी दिव्यात तिसरा रंग आला, पिवळा. पिवळा लागला की पत्रकाराने बातमी पाठवायची. मी आभार मानले, तर ते चिडले. "मेहरबानी नाई केली. नियम केला. मेहरबानी माणसाच्या मनावर असते, नियम भितीवर लिहिलेला असते." आणि त्यांनी तो खरोखरच भिंतीवर लिहिला.

एकाच डब्यातून घरातल्या सगळ्या पडद्यांवर खेळ पाठवता येतो, हे कळल्यावर त्यांनी तेही केलं. झोपाळ्यावरचा टॅब, त्यांचा जुना फोन आणि शेवटी स्वयंपाकघरातला टीव्ही. काकू भेंडी चिरत मालिका पाहत होत्या. तिथे लग्न लागत होतं. एकदम पडद्यावर निळा हॉल आला, मधोमध रिकामं टेबल आणि हवेत तरंगणारी एक बॅट.

"नवरीच्या गळ्यात माळ पडून राह्यली होती, आन मधातच तुमचं टेबल!"

"पडली असंन मंग माळ."

"कोणाच्या हातानं पडली, तेच तर पाह्याचं होतं!"

दुसऱ्या दिवशी माझ्याशी खेळताना ते दहा-नऊवर होते. काकूंनी ओट्यावर जाऊन मेन स्विच पाडला, दहापर्यंत आकडे म्हटले आणि पुन्हा वर केला. टीव्ही त्या दिवसापासून खेळातून वगळला गेला.

रोज दुपारी चार वाजता अकोल्याहून एक फोन यायचा.

"अजून हायेस काय बे?"

"तुह्या आधी नाई जात."

अकोल्याला त्यांचे जुने प्रतिस्पर्धी राहत. ते वकील होते आणि घरमालक त्यांना वकीलच म्हणत. तरुणपणी दर रविवारी पॅसेंजरने वकील बडनेऱ्याला यायचे आणि रेल्वेच्या क्लबातल्या टेबलावर दोघं दुपारपर्यंत खेळायचे. वऱ्हाडातल्या स्पर्धांच्या अंतिम फेरीत पुष्कळदा हेच दोघं समोरासमोर आले. वकिलांचा एक फटका प्रसिद्ध होता. मनगट झटकून मारलेला, तिरपा, समोरच्याच्या डाव्या कोपऱ्यात.

डोळा गेल्यानंतर तीन महिन्यांनी वकील नेहमीसारखे आले. दोघं खेळायला उभे राहिले. तिसऱ्या गेममध्ये घरमालकांनी बॅट टेबलावर ठेवली. वकिलांनी तोवर डाव्या कोपऱ्यात एकही चेंडू मारला नव्हता. सगळे उजवीकडे, उंच, मऊ. घरमालक मोजत होते.

"वकील, आज तू खेळला नाई. मले खेळवलं."

ते घरी गेले. चौदा वर्षं त्यांनी बॅट धरली नाही. मैत्रीला काही झालं नाही, फोन रोज चालू राहिला. खेळ तेवढा बंद झाला. हे मला दोघांनीही वेगवेगळं सांगितलं आणि दोघांचं जुळलं. फरक एवढाच, की वकिलांच्या मते ते त्या दिवशी फक्त सावकाश खेळत होते.

माझ्या तिसऱ्या वर्षी वकील न्हाणीघरात घसरून पडले. शस्त्रक्रिया झाली, पण पायांत बळ आलं नाही आणि ते चाकांच्या खुर्चीत बसले. घरमालक भेटून आले. आठवडा गेला. मग त्यांनी दुसरी झापड खोक्यात भरली आणि ती अकोल्याला देऊन आले.

"झापडीतल्या टेबलाले पाय लागत नाई," ते म्हणाले. "बसून खेळता येते. आता तो माह्यासंग खेळू शकते. सुदा खेळते का मले खेळवते, तेवढं पाह्याचं आहे."

त्यांना हवं होतं ते एवढंच. डोळा गेल्यावर क्लबात जे मिळालं नव्हतं ते. वकिलांनी त्यांच्याविरुद्ध पूर्ण ताकदीने खेळावं.

पहिला सामना एका रविवारी सकाळी झाला. डबा बडनेऱ्यात, वकील अकोल्यात. वकिलांच्या खुर्चीचा उजवा हात काढून ठेवला होता. घरमालकांनी अकरा-दोनने गेम जिंकला. पाचच मिनिटांत वकिलांच्या मुलीचा फोन आला. ती अकोल्याच्या एका महाविद्यालयात शिकवायची.

"काका, बाबांना उलटी झाली. आता पुरे करा हे."

कारण उघड होतं. डबा घरमालकांच्या भिंतीपलीकडे होता, त्यांना चित्र लगेच मिळे. वकिलांना ते इंटरनेटवरून, उशिरा. चेंडू दिसेपर्यंत तो येऊन गेलेला असे. घरमालकांकडे निकालांची वही होती. तिच्यात त्यांनी अकरा-दोन लिहिलं, त्यावर आडवी रेघ मारली आणि पुढे 'रद्द' असं लिहिलं.

मग ते दोन दिवस वेळापत्रक घेऊन बसले. बडनेरा ते अकोला ऐंशीला एखादा किलोमीटर कमी.

"मले शून्य, त्याले पूर्ण अंतर. असा खेळ होत नसते. डबा मधात पायजे. मधात काय येते?"

"मूर्तिजापूर," मी म्हणालो.

"लाइन क्लिअर," गाडी सोडायची परवानगी द्यावी तसं ते म्हणाले.

मूर्तिजापूरला स्टेशनजवळ त्यांचा एक जुना सहकारी राहत होता. त्याच्या घरी इंटरनेट होतं. डबा रजईत गुंडाळून आम्ही पॅसेंजरने निघालो. घरमालकांनी तो मांडीवर घेतला. समोरच्या बाईंनी बराच वेळ पाहून विचारलं, "मूर्ती हाय काय?"

"मूर्ती नाई, मशीन आहे."

"मंग मांडीवर कायले घेतली?"

"याले धक्का लागला तर दोन गावचे दोन माणसं हरतीन."

बाईंनी बूड सरकवून त्यांना खिडकीची जागा दिली.

आमच्या कार्यालयात संगणक दुरुस्त करणारा एक जण होता. मी त्याला विचारलं तेव्हा तो हसला. मूर्तिजापूरहून निघालेलं चित्र रुळांच्या बाजूने बडनेऱ्याला येत नाही. ते आधी कुठल्या तरी मोठ्या शहरात जातं आणि तिथून परत फिरतं. गाव मधोमध असून उपयोग नाही. तीस-पस्तीस वर्षं रुळांच्या कडेने तारा ओढलेल्या माणसाला हे सुचणं शक्य नव्हतं. मी ते त्यांच्या कानावर घातलं.

"रुळाच्या बाजूनं नाई जात?"

"नाही."

त्यांनी थोडा विचार केला. "मंग तार चुकीची टाकली."

त्यांनी मोजून पाहायचं ठरवलं. फोन लावायचा, दोघांनी आपापल्या झापडीत एकच चेंडू पाहायचा आणि टप्पा पडला की तोंडाने 'टक' म्हणायचं. बडनेऱ्याचा आणि अकोल्याचा 'टक' एकाच वेळी पडला. डबा आता दोघांपासून सारखाच लांब होता, त्यामुळे उशीर दोघांनाही सारखा झाला होता. निकाल बरोबर आला, पण कारण चुकीचं आहे, असं मी म्हणालो.

"रेल्वेत गाडी पोचली का पाह्यतात," ते म्हणाले.

वकिलांनीही मधल्या महिन्यात एक गोष्ट शिकून घेतली होती. मान अजिबात हलवायची नाही, फक्त हात. मान स्थिर राहिली की पोट शांत राहतं. मुलीचा विरोध कायम होता, पण तिने गोळ्या आणि रिकामी बादली शेजारी ठेवून परवानगी दिली.

पंच म्हणून मला अकोल्याला पाठवण्यात आलं.

"तुमी पेपरवाले. कोणाचेच नसता," घरमालक म्हणाले. "तो खेळून राह्यला का मले खेळवून राह्यला, एवढं पाह्याचं. गेम संपला की फोनवर अहवाल द्यायचा. मले बरं वाटावं म्हणून काही सांगायचं नाई."

वकिलांचं घर जठारपेठेत होतं. पुढच्या खोलीत भिंतभर कायद्याची पुस्तकं, मधे चाकांची खुर्ची. वकील बारीक, दाढी केलेले, इस्त्रीच्या सदऱ्यात बसले होते. समोर कोणी दिसणार नव्हतं तरी. खेळ सुरू व्हायच्या आधी त्यांनी टेबलावरचं एक हिरवं फाइल कव्हर घेतलं, कात्रीने रुपयाएवढा तुकडा कापला आणि झापडीच्या डाव्या काचेला आतून चिकटवला.

"हे काय?" मी विचारलं.

"त्याले एक डोळा. मी दोन लावून बसू काय?" ते म्हणाले. "कोर्टात चाललं असतं. इथं नाई."

"त्यांना चालेल?"

"त्याले सांगते कोण?"

मुलगी दारात उभी होती. तिने माझ्याकडे पाहिलं आणि नजर वळवली. तिलाही हे नवं होतं.

गेम चांगला झाला. वकील चाचपडत होते, पण रडत नव्हते. एका डोळ्याने त्यांना चेंडू हाताजवळ आला तरी लांब वाटे. घरमालकांनी अकरा-आठने जिंकला. फोन स्पीकरवर होता. बडनेऱ्याहून आवाज आला.

"पत्रकार, अहवाल."

मी आकडे सांगितले. पुढचं वाक्य सांगायला मला दोन-तीन सेकंद लागले असतील. वकील हाताने नको नको करत होते. बातमीदारीत मी एकच गोष्ट शिकलो आहे, दिसलेलं गाळायचं नाही. मी म्हणालो, "वकीलसाहेबांनी डाव्या काचेला कागद लावला आहे."

घरमालकांनी थेट वकिलांना हाक मारली.

"वकील."

"बोल."

"काढ तो कागद."

"कायले काढू? तुले एक, मले एक. बरोबरी आहे."

"बरोबरी मी मागतली होती काय?"

"मंग डबा मूर्तिजापूरले कोणी नेला बे?" वकिलांचा आवाज चढला. "मी मागतलं होतं? तू केला तर नियम आन मी केली तर दया? कोणत्या कलमात बसते हे?"

घरमालक सावकाश बोलले.

"वकील, डोळा गेला त्याचं मले काही वाटलं नाई. दुसरा होता. पण त्या दिवशी तू डाव्या कोपऱ्यात एक बॉल मारला नाई. तवा समजलं, की आता सारे असेच खेळतीन माह्यासंग. हळू. ऑफिसात, घरात, रस्त्यानं. तुह्या दोन डोळ्याले मी कधीच भेलो नाई. तू स्वतःले कमी करून माह्यासमोर बसतं न, त्याले भेतो."

वकिलांनी झापड मांडीवर घेतली आणि नखाने कागद सोलायला लागले. डिंक ओला होता, कागद सहज निघाला. त्यांनी काच सदऱ्याच्या टोकाने पुसली.

"काढला," ते म्हणाले. "आता तूही आयक. मले खुर्चीत बसवलं तवापासून सारे माह्यासंगही हळूच बोलून राह्यले. तुही मधातली जागा मलेही नको. डबा घेऊन जा घरी."

"घरी नेला तर तुले बॉल उशिरा येते."

"येऊ दे. कोर्टात जलम गेला माहा. उशिराची सवय आहे मले."

"आन मी काय फुकटात जिंकू?"

दोघं एकमेकांवर ओरडायला लागले. एकाला घरचा फायदा नको, दुसऱ्याला सवलत नको. मुलगी आत आली, पाण्याचा पेला ठेवला आणि फोनकडे वाकून म्हणाली, "काका, गेम संपला की टेबलाची बाजू बदलतात ना? मग डबा बदला. एक गेम तुमच्याकडे, एक आमच्याकडे."

वकिलांनी पाण्याचा पेला उचलला.

"हे तुमच्या घरी कोणाले सुचलं?" घरमालकांनी विचारलं.

"पोरीले."

"मंग बरोबर असंन."

डबा त्या दिवशी मूर्तिजापूरलाच होता, म्हणून तिथूनच एक गेम पुन्हा खेळायचं ठरलं. अकरा-आठवर वहीत आडवी रेघ बसली. वकिलांनी दोन्ही डोळ्यांना झापड लावली. तिसऱ्या चेंडूला त्यांचं मनगट झटकलं. चेंडू तिरपा गेला, घरमालकांच्या डाव्या कोपऱ्यात. मग पुन्हा. मग पुन्हा. तिथे सावली फार थोडा वेळ पडते, आवाजावरच खेळावं लागतं. अकरापैकी सात गुण वकिलांनी त्या एका कोपऱ्यात घेतले. मी मोजत होतो. गेम अकरा-चार, वकील.

मी अहवाल द्यायच्या आधीच फोनवरून ओरडणं ऐकू आलं.

"खेळला बे वकील! खेळला!"

वकिलांनी झापड काढली नाही. ते तसेच बसून राहिले आणि म्हणाले, "अजून घेतं काय एक?"

बडनेऱ्यात काय घडलं ते काकूंनी नंतर सांगितलं. "हे पिवळ्या रेषेच्या भायेर आले आन मले म्हणाले, हरलो. म्या म्हनलं, मंग हसून कायले राह्यले? तर म्हणते, तुले नाई समजत, च्या मांड."

त्यानंतर खरा सामना सुरू झाला. तीन गेमचा. पहिला, डबा बडनेऱ्यात, घरमालकांनी जिंकला. दुसरा, डबा अकोल्यात, वकिलांनी जिंकला. ज्याच्या घरी डबा त्याचा गेम, हे अपेक्षितच होतं. तिसऱ्या गेमसाठी नाणेफेक झाली आणि सुरुवात बडनेऱ्याला मिळाली. टेबल टेनिसचा नियम असा, की निर्णायक गेममध्ये कोणी पाच गुणांवर पोचला की खेळ थांबवून बाजू बदलायच्या.

पाच-चारला खेळ थांबला. घरमालक पुढे होते, पण एकाच गुणाने, तेही स्वतःच्या घरी. वकील आता उशिरा येणाऱ्या चेंडूवरही खेळायला शिकले होते. हे आम्हा सगळ्यांना दिसत होतं.

घरमालकांनी रजई आणली.

"पाच-चारनं पुढे आहा तुमी," काकू म्हणाल्या. "सहाच तर पायजे. घरीच खेळून टाका न."

फोनवर वकीलही तेच म्हणाले. "गाड्यायले गर्दी आहे बे. राह्यलं ते तुह्याकडेच खेळू."

"पाह्यलं?" घरमालक माझ्याकडे वळून म्हणाले. "पुन्हा सुरू झाला." आणि फोनमध्ये तोंड घालून म्हणाले, "पाचवर बाजू बदलते. भितीवर लिहिलं आहे."

मी त्याच आठवड्यात बडनेरा सोडणार होतो. दुसऱ्या गावी नोकरी लागली होती. डबा दोघांनी मिळून अकोल्याला पोचवायचा आणि मी तिथून पुढची गाडी धरायची, असं ठरलं. डबा तिथे पोचला. उरलेला गेम पुढच्या रविवारी झाला. तेव्हा तिथे पंच नव्हता. निकाल मला दोघांनीही फोन करून सांगितला. प्रत्येकाने आपण जिंकलो असं सांगितलं. दोघांचं जुळत नाही, म्हणून इथे देत नाही.

त्या दिवशी पॅसेंजरला खरंच गर्दी होती. घरमालक मधल्या वाटेला लागून बसले, मांडीवर रजईत गुंडाळलेला डबा, डावा खांदा वाटेकडे. येणारेजाणारे त्यांना घासून जात होते. कोणाची पिशवी लागली, कोणाचं कोपर. त्या बाजूचं काही दिसत नसल्यामुळे ते प्रत्येक धक्क्याला दचकत आणि पुन्हा ताठ बसत.

"काका, डबा तिथे गेला की तुम्ही हराल," मी म्हणालो.

"हरीन," ते म्हणाले. "पण डबा तिथं पोचवून हरीन. पूर्ण हरीन."

टाकळी स्टेशनच्या अलीकडे एक जण डोक्यावर पोतं घेऊन वाटेतून येत होता. मी उठून त्यांच्या डाव्या बाजूला उभा राहिलो. त्यांनी मान पूर्ण वळवून माझ्याकडे पाहिलं.

मी परत उजवीकडे येऊन बसलो.